रेकॉर्डवर घेतलेली बैठक

मनोहरराव गिऱ्हेपुंजे यांचा माणसांवर विश्वास होता, पण त्यांच्या आठवणीवर नव्हता. हिंगण्याच्या कारखान्यात त्यांनी स्टोअर सांभाळलं, तेव्हा सहीशिवाय एक नटबोल्टसुद्धा दाराबाहेर गेला नाही. निवृत्तीनंतर स्टोअर उरलं नाही, म्हणून ही शिस्त घराकडे वळली. मुलीच्या, मिनलच्या लग्नाची बोलणी पुण्याच्या पाहुण्यांशी लॅपटॉपवर करायची ठरली, तेव्हा त्यांनी जाहीरच करून टाकलं.

"मी पूर्ण बैठक रेकॉर्ड करतो. देवरावच्या पोराच्या वेळेस काय झालं? साक्षगंधात पंगत ठरली, लग्नात बुफे निघाला, अन् दोन्हीकडचे म्हणे, आम्ही असं बोललोच नाही. या वेळेस कोणी बदललं, का लावून दाखवतो."

कोणी बदलेल याची मिनलला काळजी नव्हती. तिला काळजी होती क्लिनिकची. मानेवाड्याला मैत्रीण श्वेतासोबत तिनं फिजिओथेरपीचं क्लिनिक काढलं होतं, आणि आता कुठे पेशंट नाव सांगत येऊ लागले होते. पुण्याचा नवरामुलगा सौरव घरूनच नोकरी करत होता, तेव्हा लग्नानंतर काही वर्षं नागपुरातच राहावं असं त्या दोघांचं ठरलंही होतं. पण ही गोष्ट मोठ्यांच्या बैठकीत निघायला हवी. मुलगा बोलला तर लोक म्हणणार, सासुरवाडीला राहायला निघाला. मुलगी बोलली तर म्हणणार, आत्तापासूनच अटी. राहता राहिले मनोहरराव.

"बाबा, एवढं एकच बोला. बाकी काही नाही बोलले तरी चालते."

"अवं, बोलतो ना. रेकॉर्डवर बोलतो."

रविवारी सकाळी बैठक सुरू झाली. रेकॉर्डिंगमध्ये आवाज नको म्हणून मनोहररावांनी पंखा बंद केला, फोन बंद केला, दार लावलं आणि कानांवर हेडफोन चढवले. हेडफोनखाली चष्म्याच्या काड्या रुतत होत्या, म्हणून चष्मा काढून ठेवला. रीतीप्रमाणे मिनल चहाचा ट्रे घेऊन आली, लॅपटॉपला नमस्कार केला, आणि तो चहा पुण्याला पोचायची काही सोय नसल्यानं तसाच परत घेऊन गेली. दार पुन्हा लागलं. आता तिची आई शोभाताई स्वयंपाकघरात आणि मिनल देवघराजवळ, दोघी दाराकडे कान लावून होत्या, पण आतून नुसता मनोहररावांचा गुणगुणाट येत होता.

बऱ्याच वेळानं ते घामाघूम होऊन बाहेर आले.

"झालं. सगळं मान्य. असे व्याही नशिबानं भेटतात. मी बोलून राहिलो होतो, तर एका शब्दानं मधात तोडलं नाही."

"अन् क्लिनिकचं?" शोभाताईंनी विचारलं.

"तेही मान्य."

"काय म्हणाले ते?"

"आता मी काय सांगू? रेकॉर्ड आहे ना. जेवण झाल्यावर लावतो."

जेवणं झाली. मनोहररावांनी चष्मा लावला, दोघींना समोर बसवलं आणि रेकॉर्डिंग सुरू केलं. सौरवचे वडील शरच्चंद्र आणि आई स्पष्ट दिसत होते. "नमस्कार मनोहरराव, उन्हाळा काय म्हणतोय?" हेही खणखणीत ऐकू आलं. मिनलचा चहा आला, गेला. आणि तिथून पुढे पुण्याचा आवाजच गायब. नुसते मनोहरराव.

"याच्या आवाजाले काय झालं?" म्हणत त्यांनी आवाज वाढवला. त्यानं फक्त मनोहरराव वाढले. हेडफोनची वायर काढून पुन्हा खोचली. लॅपटॉप बंद करून चालू केला, तर त्यानं अपडेट काढलं आणि सगळ्यांना ताटकळत ठेवलं. मग मिनलनं लॅपटॉप स्वतःकडे ओढला. रेकॉर्डिंगच्या सेटिंगमध्ये लॅपटॉपचा आवाज चालू होता, माईकही चालू होता. तिनं श्वेताला कॉल लावून थोडंसं रेकॉर्ड करून पाहिलं. श्वेता व्यवस्थित ऐकू आली, उलट काय चाललंय म्हणून हसलीही.

"बाबा, रेकॉर्डिंग तर बरोबर होऊन राहिलं. ते नक्की बोलले होते ना?"

"नाही तर काय, मुके बसले होते?"

"मग काय बोलले, एक तरी वाक्य सांगा."

मनोहररावांनी तोंड उघडलं. आठवायला लागले. त्यांना स्वतःचं रामटेकबद्दलचं बोलणं आठवलं, स्टोअरचे किस्से आठवले, पंगतीचा मुद्दा तर शब्दन् शब्द आठवला. पुण्याचं एकही वाक्य आठवेना. त्यांना पहिल्यांदाच जरा भीती वाटली.

"पुढं चालव," ते म्हणाले.

पडद्यावर सौरवची आई कानाला बोट लावून काहीतरी खुणावत होती. त्यावर रेकॉर्डमधले मनोहरराव उत्साहानं म्हणाले, "कानातले? काळजीच नका करू. माझ्या आईचे ठेवले आहेत मिनलसाठी." शरच्चंद्रांनी थांबा म्हणून पंजा दाखवला. "पाचशे माणसं? चालते जी, पाचशे तर पाचशे."

शोभाताई नवऱ्याकडे वळल्या. "पाचशे? अन् जेवू कुठं घालता, गच्चीवर?"

उत्तर द्यायला वेळ मिळाला नाही, कारण पुढचं वाक्य आलं. "आता मिनलचं ते क्लिनिक. ते काय, पोरीची हौस आहे जी. पुढं तुम्ही म्हणाल तसं."

मिनलनं रेकॉर्डिंग थांबवलं. मनोहररावांना सांगावंसं वाटलं, की ऐन वेळी जीभ अडखळली, चांगलं स्थळ हातचं जाईल असं वाटलं, मुलीच्या बापानं अट घालायची तर छाती लागते. यातलं काहीच रेकॉर्डवर नव्हतं. रेकॉर्डवर 'हौस' होती.

"काहून असं बोलले बाबा?" शेवटी मिनल म्हणाली.

"घाबरलो," मनोहरराव म्हणाले. त्यांनी मान खाली घातली.

थांबलेल्या चित्राकडे शोभाताई एकटक पाहत होत्या. "मिनल, हे पुण्याच्या चौकोनात खाली लाल लाल काय आहे वं?"

मिनलनं डोळे पुसून जवळ जाऊन पाहिलं. तिनं रेकॉर्डिंग मागे नेलं, पुढे आणलं. पुण्याच्या नावाशेजारी माईकचं छोटं चित्र होतं, आणि त्यावर लाल काट. चहाच्या वेळेपासून ते अगदी शेवटपर्यंत.

"बाबा, त्यांचा माईक बंद होता. अख्खी बैठक."

मग मनोहररावांनी बंद ठेवलेला फोन चालू केला, तर पुण्याचे कितीतरी चुकलेले कॉल दिसले. त्यांनी पुन्हा व्हिडिओ कॉल लावायला सांगितलं, या वेळी हेडफोनशिवाय.

"अहो, काय सांगू," शरच्चंद्र हसत होते. "कुकरच्या शिट्ट्यांचा तुम्हाला त्रास नको म्हणून हिनं काहीतरी दाबलं. सौरव घरात नाही, आम्हाला ते परत सुरू करता येईना. फोन केले, तर तुमचा बंद. हातानं किती सांगितलं, आवाज येतो का, जरा थांबा. तुम्ही कानातलेच कबूल केले."

"माफ करा जी. आता बोला, काय म्हणायचं होतं?"

"काही नाही हो. मिनलच्या क्लिनिकचं काय करायचं, एवढंच विचारायचं होतं. पण आम्हाला ते तिच्याच तोंडून ऐकायचं होतं. तुम्ही क्लिनिकचा विषय काढलात, तेव्हा तर तिला बोलवा म्हणून आम्ही हात हलवत होतो."

मनोहरराव खुर्चीवरून उठले आणि तिथं मिनलला बसवलं. ती सुरुवातीला चाचरली. मग बोलू लागली. पेशंटबद्दल, श्वेताबद्दल, नागपुरात राहण्याबद्दल. दोनदा मनोहररावांच्या ओठांवर काहीतरी आलं, आणि दोन्ही वेळा त्यांनी ते गिळलं. पोरगी किती नीट बोलते, हे त्यांना माहीतच नव्हतं.

तिचं झाल्यावर पुण्याच्या दोघांनी माना हलवल्या आणि या वेळी "अगदी बरोबर, तिथंच राहा" असं तोंडानंही म्हटलं. मग शरच्चंद्र पडद्यात वाकून पाहू लागले.

"मनोहरराव मागे उभे दिसतात, पण त्यांचा आवाज येत नाही. आता त्यांचा माईक बंद पडला का?"

"नाही जी," मनोहरराव मागूनच म्हणाले. "मी ऐकून राहिलो."