मागच्या सीटवरच्या ताई

मेश्रामांच्या सायकलवर मागच्या सीटला तांदळाचं पोतं बसायचं. 'ठेवलेलं असायचं' असं मी म्हणत नाही. बसायचं. बासमतीचं, वीस किलोचं. अंगात पिवळं झगझगीत जाकीट, वर हेल्मेट, आणि तोल जाऊ नये म्हणून कमरेला बांधलेली ओढणी. पोत्याला कंबर नसते, हे मला मान्य आहे. पण मेश्राम ती ओढणी इतक्या अदबीनं बांधायचे, की बघणाऱ्याला कंबर दिसायला लागायची.

सायकल अर्थातच साधी नव्हे. दोन सीटा, दोन हँडल, पायडलांच्या दोन जोड्या. पुढच्यानं चालवायची, मागच्यानं बसून पाय फिरवायचे. इंग्रज नवरा-बायको अशा सायकलवरून फिरताना आणि भांडताना मी पाहिले होते. बासमती पाहिला तो ब्रिस्टलमध्ये, मेश्रामांच्याच मागे.

मी नुकताच पुण्याहून एका बँकेच्या प्रोजेक्टवर आलो होतो. कुणीतरी सांगितलं, "रविवारी सकाळी मेश्रामसाहेब आपल्या लोकांना सायकलवरून ब्रिस्टल दाखवतात. फुकट." शेवटचा शब्द ऐकून मी भाड्याची सायकल घेऊन हजर झालो. आम्ही दहा-बाराजण होतो. बरेचसे माझ्यासारखेच, लॅपटॉपवाले, पोट सुटलेले. मेश्रामांनी "जयभीम, नमस्कार, गुड मॉर्निंग" तिन्ही एका दमात म्हटलं आणि मग पोत्याकडे हात केला.

"ही ताई."

आम्ही पोत्याला नमस्कार केला. नव्या देशात माणूस कशालाही नमस्कार करतो.

खुलासा वाटेतल्या पहिल्या बाकावर झाला. मेश्राम मूळचे नागपूरचे. विमानांचे पंख बनवणाऱ्या कारखान्यात इंजिनिअर म्हणून तरुणपणी इथे आले आणि आता निवृत्त झाले होते. लग्नाचं विचारलं की "राहून गेलं" म्हणायचे, जसं एखाद्याचं दूध आणायचं राहून जातं. आई लहानपणीच गेली. थोरल्या बहिणीनं, म्हणजे ताईनं, शाळेत मास्तरकी करत यांना वाढवलं. ती ताई आता ब्रिस्टलला येणार होती. तिला सायकलवरून सगळं गाव दाखवायचं होतं. पोतं ही ताईची रंगीत तालीम होती आणि आम्ही तालमीचे प्रेक्षक.

"पण ताईंचं वजन वीस किलो?" मी विचारलं.

"दोन पोते बांधून पाहिले. एक पडते. आणि पडलेली ताई मले पाहवत नाही."

ब्रिस्टल बघायला येणारा प्रत्येक माणूस आधी तो प्रसिद्ध झुलता पूल बघतो. मेश्रामांच्या सहलीत पूल नव्हता. "तो पोस्टकार्डावर पाहा. ताईले पाठवला आहे मी." मोठं चर्च नव्हतं, बंदर नव्हतं. काहून? तर तिथं गर्दी, आणि ताई गर्दीला भिते. चढ तर अजिबात नाही, कारण ताईचे गुडघे. आता ब्रिस्टल हे गाव असं आहे की दूध आणायला निघालात तरी वाटेत एक टेकडी लागते. या गावात चढ टाळून सायकलची सहल काढणं म्हणजे मिसळीतून तिखट वेचून काढण्यासारखं. पण मेश्रामांनी ते साधलं होतं. ईस्टन नावाच्या वस्तीच्या मागून, जुने रूळ उखडून केलेल्या सायकलच्या रस्त्यानं, मग सेंट वरबर्गच्या भाजीच्या वाफ्यांवरून, मग निळ्या-गुलाबी दारांच्या अरुंद गल्ल्यांतून, जिथे रविवारी सकाळी एखादं मांजर आणि दुधाच्या बाटल्या याशिवाय कुणी जागं नसे.

आणि तोंडाचा पट्टा सतत चालू. एकदा एका नव्या पोरानं विचारलं, "काका, हे घर कुठल्या शतकातलं?"

"शतक मले माहीत नाही. पण या घरातली बाई दर आठवड्याले पडदे धुते. ताईले हे ऐकून बरं वाटीन."

कुणी जांभई दिली की तो मजकूर रद्द. "कॅन्सल. ताईले बोर होईन." प्रत्येक बाकावर ते स्वतः बसून पाहत. "याले पाठ नाही. कॅन्सल." पाठ असलेलं बाक सापडलं, की चेहऱ्यावर मुलीला स्थळ मिळाल्याचा आनंद. मला विशेष प्रेमानं वागवत. "पाटणकर, तुम्ही पुण्याचे. तुमाले काही आवडत नाही. म्हणून तुमाले आवडलं तं ताईले शंभर टक्के आवडीन."

गल्लीतले लोकही ताईला ओळखू लागले होते. एक आजीबाई फाटकाशी गुलाब छाटत उभ्या असायच्या. त्या पोत्याला हात करून म्हणायच्या, "मॉर्निंग, माय लव्हर!" ब्रिस्टलमध्ये जुनी माणसं सगळ्यांनाच असं म्हणतात, त्यात काही नसतं. तरी बासमतीला कुणी असं म्हणावं आणि मेश्रामांनी त्याच्या वतीनं लाजावं, हे दृश्य मी पैसे देऊनही पाहिलं असतं.

सहल संपायच्या आधी, शेवटच्या पाठवाल्या बाकावर, ताईला फोन. तेव्हा मोजक्या मिनिटांचं, विकत घ्यायचं कॉलिंग कार्ड असायचं. आधी एक लांबलचक नंबर, मग पिन, मग नागपूर. फोनवर मेश्राम वेगळेच व्हायचे. आवाज चढायचा, छाती पुढे यायची.

"मजेत आहो ताई! एकदम मजेत! आज पंधरा लोकं आहेत. हो, मागं कोणी न् कोणी बसतेच. पाळी लावा लागते, भांडतात!"

आम्ही एकमेकांकडे बघायचो. त्या सीटला हात लावायची कुणाची छाती नव्हती.

ताई मात्र येत नव्हती. आधी म्हणाली, नातवाची परीक्षा. मग म्हणाली, गुडघे. मग मेश्रामांनी कागदपत्रं पाठवली, भाच्याला मागे लावलं, व्हिसा काढून घेतला. आता तो व्हिसाही संपत आला होता. सप्टेंबर निघून गेला तर ताई येणार नव्हती, आणि पुढच्या वर्षी त्या वयाच्या बाईला पुन्हा मुंबईच्या रांगेत कोण उभं करणार? मेश्राम हे बोलत नसत. फक्त बाकं तपासायचा वेग वाढला होता.

इकडे सहलीतले लोकही गळत गेले. कुणाची बदली ब्रॅकनेलला झाली, कुणी लीड्सला घर घेतलं, कुणाच्या मुलांचा रविवारी फुटबॉल सुरू झाला. सप्टेंबरातल्या एका रविवारी मी पोचलो, तर आम्ही जमायचो त्या पटांगणात मेश्राम, ताई आणि मी.

"बाकीचे येऊन राहिले असतील," मेश्राम म्हणाले. आम्ही पुरेशी वाट पाहिली. मग निघालो. सगळं साग्रसंगीत केलं. पडदे सांगितले, मांजर दाखवलं. मी एकटा प्रेक्षक, म्हणून जांभईसुद्धा गिळून टाकली.

शेवटच्या बाकावर फोन लागला. "मजेत, ताई! आज तं वीस लोकं!" मग माझ्याकडे असं पाहिलं, की मला पुढचं न सांगता कळलं. मी शाळेपासून नाटकातला. फोन कानाला लावला आणि सुरू झालो. आधी घोगरा कुलकर्णी झालो, "नमस्कार ताई, हवा फार छान आहे बरं का!" मग नाकातून बोलणाऱ्या सौ. कुलकर्णी. मग एक कोल्हापूरचा गडी, मग एक लहान मुलगी. मुलगी तर इतकी बेमालूम वठली, की मेश्रामांनीही मागे वळून पाहिलं.

 पलीकडून एक करडा, सावकाश आवाज.

"झालं का नाटक?"

मी मुलगीच राहिलो. "कुठलं नाटक, आजी?"

"बाबू, आयुष्यभर दुसरीचा वर्ग सांभाळला मी. एक पोट्टा चार आवाजात हजेरी देते, ते मले पाठमोरी समजते. तुम्ही एकटेच आहात ना तिथं?"

माझा आवाज मूळ जागी आला. "हो."

"मग खरं सांगा. पोरगा म्हणते जा, डॉक्टर म्हणते नको. मी म्हणते, त्याचं तिथं सगळं भरल्यासारखं आहे, वीस-वीस लोकं आहेत, मी कायले गुडघे घासत जाऊ? लोकांच्या पाळीत मी म्हातारी कुठं बसू? त्याच्या मागं कोण बसते, जी?"

मेश्राम समोर उभे राहून दोन्ही हात हलवत होते. बोटांनी गर्दी दाखवत होते. मोठी गर्दी. चारही आवाज माझ्याजवळ तयार होते आणि त्यातला एकही उपयोगाचा नव्हता.

"ताई, मागे तांदळाचं पोतं बसतं," मी म्हणालो. "हेल्मेट घालून. त्याला तुमचं नाव आहे. इथले गोरे लोकही त्याला हात करून 'मॉर्निंग' म्हणतात. दुसऱ्या कुणाला ते तिथे बसू देत नाहीत."

मेश्रामांचे हात हवेत तसेच राहिले.  कार्ड संपलं की काय, म्हणून मी फोन कानापासून दूर धरून पाहिला. मग आवाज आला, पण तो मघाचा मास्तरणीचा नव्हता.

"त्याले द्या."

मी फोन दिला. मेश्रामांनी तो दोन्ही हातांनी धरला. छाती पुढे आली नाही.

"हो… हो, ताई… नाही, तसं नाही… जेवतो ना. दोन वेळा… हो." मग बराच वेळ नुसतं ऐकणं. मग नाक ओढून म्हणाले, "नको, स्वेटर आणू नको. सामान कायले वाढवते? मी केव्हाचं घेऊन ठेवलं आहे तुह्यासाठी."

फोन बंद करून ते बाकावर बसले. माझी मान खाली. आता नागपुरी शिवी हासडली जाणार, या तयारीत मी होतो.  समोरून एक सायकलवाला गेला, घंटी वाजवून गेला, तरी त्याच्याविषयी काही माहिती मिळाली नाही.

मग त्यांनी विचारलं, "पाटणकर, तुमची आई पुण्यालेच असते ना?"

"हो."

"तुम्ही तिले फोनवर काय सांगता?"

  मेश्रामांनी खिशातून चष्मा काढून कार्डावरचा नंबर आणि पिन एकेक आकडा बघत दाबला आणि फोन माझ्या हातात ठेवला.

"मिनिटं शिल्लक आहेत. पुण्याचा नंबर तुम्ही लावा."

मग ते उठले, आणि ऐकू येणार नाही इतक्या लांब जाऊन, माझ्याकडे पाठ करून उभे राहिले.