माझ्यापेक्षा हातभर मोठा मासा

राजारामपुरीत भाड्यानं राहायला आलो, त्या पहिल्याच दिवशी शेजारच्या अण्णांनी मला टेपनं मोजलं.

"पावणं, भितीला टेकून सरळ उभं ऱ्हावा."

मी राहिलो.

"पाच फूट सहा. त्यो तुमच्यापेक्षा हातभर मोठा हाय."

'त्यो' म्हणजे कागलच्या वाटेवर दगडाची एक जुनी, पाण्यानं भरलेली खाण आहे, तिच्यातला मासा. त्यानं एक शेळी, दोन कुत्री आणि अण्णांची कवळी गिळली होती म्हणे. शेळी-कुत्र्यांचं अण्णांना एवढं वाईट वाटत नसे.

अण्णा एमआयडीसीतून निवृत्त झालेले फिटर. ट्रकच्या स्प्रिंगच्या जुन्या पाट्यातून त्यांनी वीतभर गळ घडवला होता. दर रविवारी सकाळी ते, त्यांचे जुने दोस्त बापू टेलर आणि मी खाणीवर जायचो. आमिष म्हणून तांबड्या रश्श्यात मुरवलेलं मटण.

अण्णा म्हणायचे, "कोल्हापूरचा मासा हाय. अळणी खाईल व्हय?"

दोन वर्षं मासा दिसला नाही. मटण मात्र दर वेळी जायचं.

मग एका रविवारी असा हिसका बसला, की दोर बांधलेली प्लास्टिकची खुर्ची आणि तिच्यात बसलेले बापू, दोघंही पाण्यात! मी बापूंना ओढलं, अण्णांनी दोर धरला. अर्ध्या तासानं मासा दमून काठाला लागला. अण्णांनी एक इंचही वाढवून सांगितलं नव्हतं. अंगावर शेवाळ, एक डोळा पांढरा पडलेला.

अण्णा कमरेइतक्या पाण्यात उतरले. त्याच्या डोक्यावर हात ठेवला, पकडीनं हळूच गळ काढला आणि त्याला आत ढकलून दिलं.

"सोडलास?" बापू ओरडले. "डोस्कं फिरलंय काय तुझं?"

अण्णा सदरा काढून पिळायला लागले.

"पोरगी तिकडं जर्मनीत. बायकू जाऊन चार वर्सं झाली. ह्यो गावला असता, तर रविवारचं तुमी कशाला आला असता?"

बापूंनी नाकातलं पाणी शिंकरलं.

"अण्णा, मी जन्मात मासा खाल्ला न्हाई. मटणाच्या वासानं मला मळमळतंय. दोन वर्सं मी हितं मासा बघाय येतोय व्हय?"

सदऱ्यात आता थेंबभर पाणी उरलं नव्हतं, तरी अण्णा पाठ फिरवून तो पिळतच राहिले.