माहितीपटातली बोरमाळ

तिसगावच्या गहिनीनाथाला जमिनीखालचं सोनं शोधायची हौस होती. पलटणीतून निवृत्त झाल्यावर त्याने नगरला लष्करी भंगाराच्या लिलावात सुरुंग शोधायचं जुनं यंत्र घेतलं आणि कानाला हेडफोन लावून तो माळावर फिरू लागला. आजवर बैलांचे नाल आणि एक फुटका तांब्या, एवढंच हाती लागलं होतं. माणूस दारू तरी पीत नाही, यावर त्याची बायको छबूबाई समाधान मानत असे. ते समाधान टिकलंही असतं, पण बहात्तर साली शासनाने या हौशीची दखल घेतली.

जीप आली, तीतून दिग्दर्शक साहेब उतरले. 'ग्रामीण हौशी सुवर्णशोधक' या माहितीपटाला वरून मंजुरी मिळाली होती. माळापलीकडे अर्धं गाव दुष्काळी कामावर खडी फोडत होतं. कॅमेरा चुकून तिकडे वळला.

"ते नको," साहेब म्हणाले. "दुष्काळ दुसऱ्या खात्याकडे आहे."

गहिनीनाथाने सगळा माळ पालथा घातला. सोनं काही निघेना. मंजूर पटकथेत मात्र ते निघालेलं होतं, आणि पटकथा बदलायची तर फाइल पुन्हा मुंबईला जाणार होती.

"वहिनी," साहेब छबूबाईला म्हणाले, "तुमची बोरमाळ घटकाभर पुरू. यांनी शोधली की लगेच गळ्यात घाला."

"ती माझ्या आयची हाय. औंदा समद्यांनी डाग मोडले, म्या न्हाई मोडली."

"सरकारी काम हाय," गहिनीनाथ म्हणाला. "काढ."

माळ पुरली, यंत्र वाजलं, गहिनीनाथाने ती वर काढून कॅमेऱ्याला दाखवली. छबूबाईने ती पदराने पुसून पुन्हा गळ्यात घातली आणि विषय तिच्यापुरता मिटला.

माहितीपट लागला आणि आठवड्यात मामलेदार पंचनाम्याला दारात आले. जमिनीत सापडलेलं धन सरकारला न कळवता गळ्यात घालणं हा गुन्हा होता.

"आवो, म्याच तर पुराया दिल्ती," छबूबाई म्हणाली.

"म्हणजे माहितीपट खोटा?" मामलेदारांनी काळजीने विचारलं. "बाई, तो सरकारने काढलाय."

दिग्दर्शकांकडे विचारणा झाली. माहितीपटात दिसतं ते घडलेलंच असतं, एरवी त्याला माहितीपट म्हणत नाहीत, असा त्यांचा खुलासा आला. आता उरला गहिनीनाथ. एव्हाना पाथर्डीत त्याचा सत्कार झाला होता आणि लोक त्याला नारळ देऊन आपापली शेतं दाखवायला नेत होते.

"सांगा की, माझी हाय म्हनून," छबूबाई म्हणाली.

गहिनीनाथाने घसा खाकरला. "मला सापडली, साहेब. माळावर."

छबूबाईने गळ्यातून माळ काढली आणि मामलेदारांच्या हातावर ठेवली. त्या दिवसापासून ती नवऱ्याशी बोलली नाही.

पुढे जत्रेतल्या तंबूत, नगरच्या थेटरात, जिथे तो माहितीपट लागे तिथे ती तिकीट काढून जाई. आईची माळ बघायला तेवढीच जागा उरली होती. माळ वर आली की ती उभी राही आणि म्हणे, "माझी हाय ती."

तुम्हीही तो माहितीपट पाहिला असेल. मुख्य चित्रपटाआधी लागायचा. माळ निघते तिथे टाळ्याही वाजवल्या असतील. जरा आठवून पाहा, पुढच्या रांगेत मध्येच एक बाई उभी राहिली, तेव्हा "ओ मावशी, खाली बसा, दिसत नाही," असं मागून कोण म्हणालं होतं.