तीन अक्षरी दिघोरे

माही बायको विमल गेली त्याच्या तिसऱ्या दिवशी घर माणसांनी भरलं होतं. मी भिंतीला टेकून बसलो होतो. समोरचे दिघोरेसाहेब आले, माह्या बाजूला बसले, माहा हात हातात घेतला आणि बराच वेळ धरून ठेवला. मले वाटलं, चला, हा माणूस आज तरी माणसासारखा वागला. मग त्यांनी माह्या कानाशी तोंड आणलं आणि हळूच म्हणाले, "शालिक, तीन अक्षरी शब्द सांग ना एखादा. कोणताबी चालते."

मी म्हटलं, "निघा."

त्यांनी बोटांवर मोजलं. "दोनच होते. तीन पाहिजे."

मी म्हटलं, "गाढव."

पुन्हा मोजलं. तोंड असं उजळलं की काय सांगू! खिशातून मोबाईल काढला, खटखट बोट मारलं, "हे बसते," म्हणाले, आणि चपला घालून गेले.

असा हा शेजारी. इकडे हिंदी मुलखात, गुढियारीत, आमच्या पाऱ्यात म्हणजे मोहल्ल्यात गल्लीच्या इकडे मी आणि तिकडे ते. मी चौथी शिकलेला, सारी उमर मालधक्क्यावर पोते उचलले. ते सरकारी कचेरीत टायपिस्ट होते. म्हणजे अक्षरांचं वजन त्यांच्याकडे आणि पोत्यांचं माह्याकडे. चाळीस वर्षांत आमचं एकमेकांवाचून काही अडलं नाही. हे कोड्याचं खूळ आलं आणि माही सकाळ बरबाद झाली.

कोडं असं आहे. रोज एक मराठी शब्द लपवून ठेवतात, तीन अक्षरांचा. आपण अंदाजानं शब्द टाकायचा. अक्षर जागेवर असलं तर चौकोन हिरवा, अक्षर आहे पण जागा चुकली तर पिवळा, नाहीच तर काळा. सहा वेळा टाकता येते, तेवढ्यात सापडला पाहिजे. सगळ्या दुनियेले त्या दिवशी तोच एक शब्द. आता हे रिकामपणाचं काम नाही तर काय? पण साहेब सहाला उठतात, आंघोळ करतात, धुतलेला शर्ट घालतात, खिशाले पेन लावतात आणि कोडं सोडवायला बसतात. जशी कचेरी लागली.

बरं, एकदा खेळून भागत नाही. हे कोडं कॉम्प्युटरवर वेबसाईट उघडली तरी येते, मोबाईलच्या ॲपमध्येबी येते. साहेब दोन्हीकडे खेळतात. आधी घरात दार लावून कॉम्प्युटरवर. मग मोबाईल घेऊन माह्या ओट्यावर. मी एकदा विचारलं, "साहेब, शब्द तोच, मग दोनदा काहून?"

"कॉम्प्युटरवर मूळ प्रत," ते म्हणाले, "मोबाईलवर कार्बन."

त्यांचं बोलणंच असं. भाजीवाली आली तरी वांग्यांबद्दल कचेरीच्या हिंदीत म्हणतील, "लेख है कि कल के भटे में कीड़ा निकला." ती म्हणते, "भैया, लेना है तो लो." मोबाईलवर बोट असं मारतात की काच एक दिवस आरपार होईल. ओळ संपली की डावा हात आपोआप उजवीकडे सरकते, मशीनचा दांडा ढकलल्यासारखा. एकदा त्या हातानं माहा चहा सांडला. "नोंद घेतली," म्हणाले. पुसला नाही.

ओट्यावर बसले की सुरू. "शालिक, शब्द सांग."

सुरुवातीले मी तोंडात आलं ते सांगायचो. "काहून."

ते टाकायचे. मोबाईल म्हणायचा, 'हा शब्द यादीत नाही.'

साहेब तांबडेलाल. "चार पिढ्या आपण काहून बोलून राहिलो, आणि हा म्हणते यादीत नाही! कोण आहे हा?" मग त्यांनी त्या कोडंवाल्यांना अर्ज केला. विषय, संदर्भ, खाली सही, सगळं रीतसर. 'काहून' यादीत घेण्याबाबत. पंधरा दिवसांनी स्मरणपत्र, महिन्यानं दुसरं. शेवटी उत्तर आलं, 'आपल्या सूचनेबद्दल धन्यवाद.' ते त्यांनी साऱ्या गल्लीले दाखवलं. काहून मात्र अजून बाहेरच आहे.

मग मी घरातल्या वस्तू सांगायला लागलो. बादली, टोपली, चादर, खुरपं. यादीत असायचे, पण सगळे चुकीचे. एवढ्या दिवसांत माहा एक शब्द बरोबर आला नाही. आणि साहेब दर वेळी, "वा शालिक, वा!" मले वाटायचं, हा माही मजाक उडवून राहिला. एकदा दार नाही उघडलं. तर खिडकीतून आवाज, "शालिक, झोपला असशील तर झोपेतच सांग."

शिव्या देऊन हाकलून देणं मले कठीण नव्हतं. मी धक्क्यावरचा माणूस, माह्या तोंडाले कुलूप नाही. पण नाही हाकललं, त्याचं कारण मंजू.

मंजू त्यांची एकुलती एक पोट्टी. नोकरीले पुण्याले गेली आणि तिथं आपल्या मनानं लग्न केलं. साहेबांनी काय करावं? बाकीचे बाप ओरडतात, रडतात, तोंड फिरवून बसतात. यांनी कागद मशीनले लावला आणि पोरीले पत्र टाईप केलं. 'उपरोक्त विषयांतर्गत लेख है कि आज दिनांक से आपका इस घर से कोई संबंध नहीं रहेगा.' खाली 'प्रतिलिपि, मामाजी को सूचनार्थ.' मामानं ते पत्र विमलले दाखवलं होतं, विमलनं मले सांगितलं. ती पदराले डोळे पुसत होती आणि मधात हसूबी येत होतं. "अवो, पोरीले काढून टाकलं का बदली केली, काही समजत नाही," म्हणे.

त्यानंतर सात वर्षं बाप-लेकीत एक शब्द नाही. साहेबांची बायको तर आधीच गेलेली. मग एका सकाळी साहेबांच्या मोबाईलवर मंजूकडून काहीतरी आलं. शब्द नव्हता, नुसते चौकोन. हिरवे, पिवळे, काळे. ते कोडं खेळलं की आपण किती ओळींत सोडवलं हे असं चौकोनांनी दुसऱ्याले पाठवता येते. इथं होती तेव्हा मराठीत विचारलं की हिंदीत उत्तर देणारी पोट्टी, आणि पुण्यात मराठी शब्द शोधून राहिली! चुकून आलं का मुद्दाम, देव जाणे. साहेबांनी दिवसभर फिरून ते ॲप टाकून घेतलं. दुसऱ्या दिवशी खेळले आणि आपले चौकोन पाठवले. तिनं पुन्हा पाठवले. तेव्हापासून रोज सातले तिचे येतात, आठच्या आत यांचे जातात. पत्र नाही, फोन नाही, 'कशी आहेस' नाही. तेवढे चौकोन.

मी कितीदा म्हटलं, "साहेब, फोन लावा ना सरळ."

"काय बोलू?"

"बाप आहे तुम्ही. काहीबी बोला."

"पहिले शब्दांनीच केलं होतं, शालिक," ते म्हणायचे. "आता चौकोन बरे."

मी आपला चादर, टोपली, खुरपं सांगत राहिलो.

मागच्या आठवड्यात एका सकाळी मी दात घासून राहिलो होतो, तर साहेब आले. शर्टाचं बटन चुकीच्या काजात. असं त्यांचं मी कधी पाहिलं नाही.

"शालिक, बंद पडलं."

"काय बंद पडलं?"

त्यांनी मोबाईल पुढे केला. मले चष्म्याबिगर दिसत नाही, त्यांनीच वाचलं. ॲप नवीन झालं, आता जुन्या मोबाईलवर चालणार नाही. मोबाईल नवा घ्या, नाहीतर वेबसाईटवर खेळा.

"मग घ्या ना नवा."

"सदर बाजारातलं दुकान अकराले उघडते. सव्वासात झाले. तिचे चौकोन येऊन गेले."

"मग मोबाईलवरच वेबसाईट उघडा."

"पांढरं होते नुसतं. काही येत नाही."

"मग एक दिवस राहू द्या बावा! आभाळ कोसळून राहिलं का?"

ते ओट्यावर बसले. "एक दिवस नाही गेलं तर तिले वाटन, बुढा कंटाळला. मग तीबी पाठवणार नाही."

"उलट वाटन, मेला. मग फोन तरी करन."

"नाही करणार," साहेब म्हणाले. "माह्यावर गेली आहे."

मी तोंड धुतलं, पंचा खांद्यावर टाकला, चष्मा घेतला आणि म्हटलं, "चला, तुमच्या त्या कॉम्प्युटरवर पाहू. तिथं तर खेळता ना?"

"तिथलं नको," ते झटकन म्हणाले.

"नको काहून? तिथले चौकोन पाठवा. नाहीतर फोटो काढा त्याचा."

"नको म्हटलं ना!"

पण मी गल्ली ओलांडली होती. पोते उचलणाऱ्या माणसाले टायपिस्ट काय अडवणार? घरात गेलो. कॉम्प्युटर सुरूच होता. आजचं कोडं सोडवून ठेवलं होतं. मी चष्मा लावला. पहिल्या ओळीत एक हिरवा, दोन काळे. दुसऱ्या ओळीत तिन्ही हिरवे. शब्द होता भोपळा.

दोन ओळी. मी साहेबांकडे पाहिलं. ते खिडकीबाहेर पाहून राहिले होते.

"हे तुम्ही सोडवलं?"

"हव."

"दोन ओळींत?"

"दोन, नाहीतर तीन. जास्त लागत नाही. अक्षरांतच उमर गेली आपली."

"मग मोबाईलवर पाच-पाच, सहा-सहा ओळी कशा लागतात? आणि रोज सकाळी माहं डोकं काहून खाता?"

साहेबांनी खुर्ची पुसली, उगाच. "मंजूले चार लागतात, पाच लागतात," ते म्हणाले. "तिचे आले की मी मोजतो. मग मोबाईलवर तिच्यापेक्षा एक ओळ जास्त घेतो. तिले सहा लागले त्या दिवशी मी नापास होतो." मग म्हणाले, "मले बरोबर शब्द माहीत राहते, म्हणून चुकीचा सुचत नाही. बोट तिकडंच जाते. चुकीचे शब्द पाहिजे तर माणूस पाहिजे ना कोणी. तुह्यासारखा पक्का चुकीचा मले दुसरा भेटला नाही."

मी चाळीस वर्षांत पहिल्यांदा त्यांना अरे केलं. "अरे दिघोऱ्या," मी म्हटलं. आणि त्यांनी पुसलेल्या खुर्चीवर बसलो. शिव्या खूप येतात मले, त्यातली एकबी काढली नाही.

घड्याळात साडेसात झाले. मंजूले पाच लागले होते, म्हणजे साहेबांना सहा पाहिजे. मी म्हटलं, "कागद आहे?" कागद तर त्यांच्याकडे ढीग. त्यांनी पट्टीनं चौकोन आखले, सहा ओळी, ओळीत तीन, एक रेष वाकडी नाही. काळ्यासाठी पेन होता. हिरवा-पिवळा कुठून आणायचा? मी घरी गेलो. फडक्यात कालचा पालक होता. पिवळ्यासाठी विमलचा मसाल्याचा डबा उतरवावा लागला. ती गेल्यापासून मी त्याले हात लावला नव्हता. वरण बिनहळदीचंच खातो. झाकण घट्ट बसलं होतं, सांडशीनं उघडलं.

"आता पाच चुकीचे शब्द सांग," साहेब म्हणाले.

"खोटंच काढायचं तर रंगवा कसेबी!"

"खोटं असलं तरी नियमात पाहिजे. ती तपासते."

आणि काय सांगू, मुद्दाम चुकीचं सांगायचं म्हटल्यावर माह्या डोक्यात भोपळ्याशिवाय काही येईना. साहेब पेन धरून बसलेले. "बोल ना बे!"

"थांबा ना! भोपळाच दिसून राहिला चारीकडे!"

शेवटी निघाले कसेतरी. चादर. उंबर. कंदील. बादली. भाकर आली तेव्हा साहेबांनी खूप विचार केला. भ आहे, पण काना वेगळा, पिवळा द्यावा का? दिला. ओल्या बोटावर हळद घेऊन मी तो चौकोन भरला. पालकाचं पान त्यांनी चोळलं. शेवटच्या ओळीचे तिन्ही हिरवे त्यांनी स्वतः केले, मले करू दिले नाही. मग कागद खिडकीत धरून मोबाईलनं फोटो काढला आणि पाठवला. आठले चार मिनिटं कमी होते.

आम्ही बसलो. बाहेर मालगाडी जाऊन राहिली होती, डबे मोजून झाले माह्याकडून. मग मोबाईल टुणकन वाजला. साहेबांनी पाहिलं आणि मोबाईल माह्याकडे दिला, जसा तो गरम झाला. चौकोन नव्हते. लिहिलेलं होतं. 'पापा, ये आपने हाथ से बनाया?'

"काय लिहू?" साहेब म्हणाले.

"तुम्हीच पाहा. तुमची पोट्टी आहे."

त्यांनी बोट उचललं. लिहायला लागले आणि ओठांनी बोलायला लागले, "उपरोक्त विषयांतर्गत..."

मी त्यांचं मनगट पकडलं. "अरे बावा! 'हव' लिहा. दोन अक्षरं. 'हव'."

त्यांनी सगळं पुसलं. हळूच, काच दुखू नये असं बोट लावून, ह लिहिला, व लिहिला. पाठवलं. हात मांडीवर ठेवून बसले.

मोबाईल वाजायला लागला. टुणकन नाही, लांब वाजून राहिला. साहेब त्याकडे नुसते पाहत होते. मी म्हटलं, "उचला," आणि त्यांना नाही म्हणायला सवड न देता बाहेर पडलो.

गल्ली ओलांडून माह्या ओट्यावर येऊन बसलो. त्यांची खिडकी उघडी होती. आतून साहेबांचा आवाज येत होता. "हव," ते म्हणाले. मग थांबून, "हव बेटा." आणि पुन्हा, "हव... हव..."

माहे बोटं हळदीनं पिवळे झाले होते. धुवायला उठलो, नळापर्यंत गेलो. मग राहू दिले तसेच.