संत ब्रीलिनचा झरा

नावाचा अर्थ विचारावा तर या कोलमन टार्पीलाच! ही बढाई नाही, आमच्या किलोवलात कुणालाही विचारा. माझा धंदाच तसा होता. पुढच्या दाराने पब, मागच्या दाराने शवपेट्या. आमच्या मायो परगण्यात हे दोन्ही धंदे एकाच छपराखाली चालतात, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही. गिऱ्हाईक तेच, फक्त दार बदलतं. पेटीवरच्या पितळी पट्टीवर मयताचं नाव मी स्वतः कोरायचो, आणि कोरता कोरता घरच्यांना अर्थ सांगायचो. कोलमन म्हणजे पारवा. कीरन म्हणजे सावळा. उना म्हणजे कोकरू. मग रडणारी माणसं नाक पुसून म्हणायची, "काय सांगता! म्हणूनच एवढी गरीब होती हो आमची उना!" उना गरीब नव्हती. उनाने आयुष्यभर नवऱ्याला धारेवर धरलं होतं. पण माझ्या दुकानातून जो गेला तो नावाला शोभेल असाच गेला!

पब आता बंद आहे. तरुण पोरं ऑस्ट्रेलियाला गेली, म्हातारे मागच्या दाराने गेले, आणि मधे मी एकटा उरलो.

माझी ग्रॉन्याही त्या पोरांतलीच. पर्थला असते. ट्रेंट नावाचा नवरा केलाय, भला माणूस आहे, फार बोलत नाही. टेस गेली, म्हणजे माझी बायको, तेव्हा ग्रॉन्याला येता आलं नाही. चर्चमध्ये कॅमेरा बसवलाय, त्यातून तिने आईचं सगळं पाहिलं. मी पेटीला खांदा देताना एकदा त्या कॅमेऱ्याकडे हात हलवला. लोक म्हणाले, कोलमनचं डोकं फिरलं.

दर रविवारी सकाळी, प्रार्थनेला जायच्या आधी, तिचा फोन येतो.

"बाबा, पाऊस आहे?"

"आहे."

"गुडघा कसा आहे?"

"आहे."

"बरं, ठेवते मग!"

संपला रविवार. पण परवाच्या वसंतात एक रविवार निराळा निघाला.

"बाबा, मुलगी झाली! आणि नावही ठरलं. ब्रीलिन!"

"वा!" मी म्हणालो.

"सेल्टिक धाटणीचं आहे, आपल्याकडचं जुनं! नावांच्या साइटवर तसंच लिहिलंय. फक्त अर्थ दिला नाही. ट्रेंटची आई रोज विचारते, अर्थ काय, मूळ कुठलं? मी म्हटलं, माझ्या बाबांना येत नाही असं नावच नाही! सांगा ना."

आता ब्रीलिन या नावाला अर्थही नाही आणि मूळही नाही. कुणीतरी कुठेतरी बसून अर्धं इकडून, अर्धं तिकडून घेऊन ते जुळवलेलं. मी ते उभ्या आयुष्यात एकाही पट्टीवर कोरलेलं नव्हतं. 'पोरी, हे नाव तुझ्या मुलीपेक्षा फार जुनं नसेल,' एवढंच म्हणायचं होतं. पण फोनमधून मला खुर्ची ओढल्याचा आवाज आला. माझी लेक माझं ऐकायला बसली होती! किती वर्षांनी! आणि मी तिला 'अर्थ नाही' म्हणून उठवू?

मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बाहेर पाहिलं. समोर पॅकी रुआनचं शेत. मधोमध एकटं काटेरी झाड, हॉथॉर्नचं. त्याच्या बुडाशी झरा, आणि झऱ्यात तोंड घालून पॅकीचे बैल.

"ब्रीलिन," मी घसा खाकरला, "ही आपल्या गावची संत!"

"हो?"

"मोठी संत! तापाच्या साथीत तिने गावाला पाणी पाजून जगवलं. तिचा झरा आहे अजून. पॅकीच्या शेतात."

"बैलांचं डबकं? ते?"

"आता बैल पितात. पूर्वी राजे प्यायचे. त्या पाण्याने बाळाचं कपाळ ओलं केलं, की ते बाळ जगात कुठेही गेलं तरी घराची वाट विसरत नाही."

हे शेवटचं कुठून आलं मला माहीत नाही. पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला.

"बाबा, तुम्ही हे कधी सांगितलं नाहीत."

"तू कधी विचारलं नाहीस."

"आम्ही येतो! बाळाचा बाप्तिस्मा तिथेच करायचा. त्याच पाण्याने!"

मी फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात एकट्याने नाचलो. गुडघ्यासकट! मग खिडकीतून पुन्हा बाहेर पाहिलं. पॅकीचा बैल आता झऱ्यात उभा राहून जे करत होता, ते बघून माझं नाचणं थांबलं.

शेजारच्या घरात डेलिया मोरन राहते. तीही एकटीच. दुपारी माझ्यासाठी जेवण आणते, ताटावर ताट झाकून, आणि मी खाईपर्यंत बोलते. तिला सगळं सांगितलं.

"मेल्या! संत जन्माला घातलास?" ती ओरडली. "देवाला भीत नाहीस?"

"ग्रॉन्या येतेय गं."

डेलियाची दोन पोरं कॅनडात आहेत. झाकणाचं ताट उचलत म्हणाली, "ते डबकं आधी साफ कर. मी चुना आणते."

पॅकीची परवानगी काढली. पॅकी म्हणाला, "झरा घे, बैल हाकल, माझे बूटसुद्धा घे. पण झाडाची एक काटकी मोडशील तर याद राख! झाड त्यांचं आहे." म्हणजे जमिनीखालच्या परीलोकांचं, पण त्यांचं नाव आमच्याकडे मोठ्याने घेत नाहीत.

झाडाला मी जपूनच हात लावला. झऱ्याभोवती दगड रचले, डेलियाने चुना फासला. माझ्या दुकानात एक संगमरवरी बाई पडून होती, नाक उडालेली, म्हणून कबरीवर कुणी घेतली नव्हती. ती उभी केली.

"हिचं नाक?" डेलियाने विचारलं.

"उपासतापासात झिजलं."

मग जुन्या पवित्र झऱ्यांवर नवसाच्या असतात तशा झाडाला चिंध्या बांधल्या. डेलियाचा पडदा फाडला, माझा एक टाय गेला. आणि टेसचा निळा स्कार्फ होता, त्याची एक पट्टी. ती मी सगळ्यात वरच्या फांदीला बांधली. तिथेच सगळं बिनसलं.

त्याचं काय आहे, आमच्या लोकांना एक खोड आहे. एकट्या काटेरी झाडाला ताजी चिंधी दिसली, की 'ही कुणी बांधली बुवा?' असं विचारायचं नाही. टोपी काढायची, आपली चिंधी बांधायची, झऱ्याला उजवीकडून फेऱ्या घालायच्या आणि चालू लागायचं. न जाणो! आणि थोडे दिवस उलटले की तीच माणसं छातीवर हात ठेवून सांगतात, आमची आजी इथे यायची.

सोमवारी झाडावर आमच्याच चिंध्या होत्या. शनिवारपर्यंत झाडाचं पान दिसेना! हातरुमाल, बाळाचे मोजे, फुटबॉलचा गळपट्टा. एकाने तर चड्डी बांधली होती. काय दुखत असेल बिचाऱ्याचं! शेजारच्या गावातून मोटारी आल्या. पॅकीची पाठ बरी झाली. पॅकीची! ज्याच्या डोळ्यांदेखत मी बैलाचं शेण उपसलं होतं!

"अरे पॅकी, तुला माहीत आहे ना हे सगळं?"

"माहीत आहे रे. पण पाठ दुखायची राहिली हे खरं."

मग मात्र माझी टरकली. एका सकाळी झऱ्यापाशी गर्दीत उभा राहून मी मोठ्याने म्हणालो, "मंडळी, ऐका! संत-बिंत कुणी नाही. हे सगळं मी रचलंय!"

म्हातारी वीनी डॉयल काठी आपटत पुढे आली. "गप बस! तू कालचं पोर. माझ्या आजीचा डोळा या पाण्याने बरा झाला."

"वीनीबाई, तुमची आजी आंधळी गेली! माझ्या बापाने तिची पेटी केली!"

"एका डोळ्याने आंधळी. दुसरा ब्रीलिनबाईंनी राखला!"

गर्दी गहिवरली. कुणीतरी म्हणालं, "बघा किती नम्र आहे, स्वतःकडे मोठेपणा घेत नाही." यात नम्रता कुठे आली, मला अजून कळलेलं नाही.

शेवटी फादर कॉस्टेलो आले. मी मनाची तयारी केली. म्हटलं, आता हे झाडतील, झरा बुजवा म्हणतील. फादर खुर्चीत बसले, चहा ढवळत राहिले.

"कोलमन, गेल्या रविवारी चर्चमध्ये कोण होतं माहीत आहे? मी, ऑर्गन वाजवणारी बाई, आणि कॅमेरा. बाकी सगळे तुझ्या झऱ्यावर."

"फादर, चुकलो. उद्याच सगळं काढून टाकतो!"

"काढू नकोस!" ते घाईघाईने म्हणाले. "हे खरं आहे असं मी म्हणत नाही. खोटं आहे असंही म्हणत नाही. फक्त, बाईंचा सण कधी असतो?"

सण! ग्रॉन्याचं विमान ज्या रविवारी उतरणार होतं, तोच मी सांगून टाकला. फादरनी तिथेच प्रार्थना ठेवली. मुक्कामाला येणाऱ्यांसाठी पॅकीने गोठा झाडला.

मी वरची खोली रंगवली. डेलियाच्या माळ्यावरून पाळणा आणला, करकरत होता, त्याला तेल घातलं. मग रिकामाच हलवून पाहिला. खूप वेळ हलवत बसलो होतो. घरात दुसरा आवाज नव्हता.

तो रविवार उजाडला आणि अक्रीत म्हणजे पाऊस नव्हता! शेत माणसांनी भरलं. चहाची टेबलं, सोडा ब्रेड, अकॉर्डियनवाला. मी सूट घालून, दाढी करून फाटकापाशी उभा. रस्त्यावर मोटार दिसली की काळीज वर यायचं, वळली की खाली जायचं. तेवढ्यात खिशात फोन वाजला.

"पोचलात? कुठे आहात? सरळ शेतातच या!"

"बाबा," ग्रॉन्या म्हणाली, "आम्ही निघालोच नाही."

मागे लोक भजन म्हणायला लागले होते. मी दुसऱ्या कानावर हात धरला.

"डॉक्टर म्हणाले, एवढ्या लांबचा प्रवास नको इतक्यात. ट्रेंटची रजाही रद्द झाली. काल सांगायचा धीरच झाला नाही मला. रागावलात?"

"छे गं."

"पुढच्या वर्षी नक्की. आणि बाबा, अजून एक. नाव बदललं आम्ही. ट्रेंटच्या आजीचं ठेवलं. ऑलिव्ह."

"छान आहे," मी म्हणालो. "छान आहे हो."

"तिकडे कसला आवाज येतोय? कोण गातंय?"

"रेडिओ."

फोन ठेवला. अख्खं शेत माझ्याकडे बघत होतं. "विमान चुकलं त्यांचं," मी म्हणालो. सगळे हळहळले आणि पुन्हा गायला लागले. त्या एवढ्या गर्दीत मला जितकं एकटं वाटलं, तितकं रिकाम्या पबमध्येही कधी वाटलं नव्हतं.

पण बाप्तिस्म्याचं पाणी काढून ठेवलेलं, फादर तयार. एक तरुण जोडपं पुढे आलं, शेजारच्या गावचं. कडेवर दुपट्यात मुलगी. "आमच्या हिचा करता का, फादर? आम्हीही ब्रीलिनच ठेवतोय." झालं! फादरनी त्या पोरीच्या कपाळावर पाणी घातलं, आणि तिच्या आईने तिला माझ्या हातात दिलं. म्हणे, संतबाईंची सगळी माहिती यांनाच आहे, यांचा हात लागू दे.

एवढीशी होती. गरम. माझ्या टायचं टोक धरून बसली. मी ढसाढसा रडलो, आणि लोक एकमेकांना म्हणाले, काय भक्ती आहे या माणसाची! जगात त्या दिवशी एकच ब्रीलिन होती, आणि ती माझी कुणी नव्हती. मग तिच्या आईने तिला परत घेतलं.

शेत रिकामं झालं. मी झऱ्याच्या कठड्यावर बसलो होतो. डेलिया येऊन शेजारी बसली. तिला चेहऱ्यावरूनच कळलं असावं.

"चल. बटाटे उकडलेत."

"भूक नाही."

"मी विचारलं का तुला? चल!"

गेलो. खाल्ले. चार बटाटे खाल्ले, आता खोटं कशाला बोला.

पुढच्या रविवारी फोन आला. पाऊस झाला, गुडघा झाला. आता ती 'ठेवते' म्हणणार, म्हणून मीच कानापासून फोन लांब न्यायला लागलो, तेवढ्यात ती म्हणाली, "बाबा, ऑलिव्हचा काय हो अर्थ?"

आणि खुर्ची ओढल्याचा आवाज आला!

नाही म्हणायचं, असं मी अगदी ठरवलं होतं. डेलियासमोर शपथ घेतली होती. फादरसमोर वेगळी घेतली होती.

"ऑलिव्ह ना?" मी घसा खाकरला. "अगं, ते झाड आहे आपल्याकडे एक. पॅकीच्या शेताच्या मागे. फार जुनं. त्याच्या सावलीत ज्या बाळाला निजवलं..."

तर मंडळी, काल मी गाडी काढून रोपवाटिकेत जाऊन आलो. ऑलिव्हचं रोप मिळतं म्हणाले. आमच्या पावसात जगेल का, सांगता येत नाही म्हणाले. आणि हजार वर्षांचं मिळेल का, म्हणून विचारलं, तर त्या बाईने आतून साहेबांना बोलावलं.