दोन फूट चुकलेलं स्वप्न

सकाळी दार उघडलं की दूधवाल्याच्याही आधी गोमाजी उभे असायचे. हातात एक पेन्सिल, कानावर दुसरी, आणि तोंडात एकच प्रश्न : "वहिनी, उत्तर कोनतीकडे होती?"

कशाची उत्तर दिशा? तर रात्री मला पडलेल्या स्वप्नाची!

हे आमचे शेजारी. भंडाऱ्याकडचे, सर्व्हेच्या तुकडीत जमीन मोजायची साखळी ओढणारे. तेव्हा आमच्या भिलाईत पोलादाचा कारखाना थोडा आणि खुंट्या फार. जिकडे पाहावं तिकडे लाल मुरूम, मुरमात खुंटी, खुंटीला झंडी. एकीला बाग म्हणायचं, एकीला दवाखाना. भाजीला आम्ही बायका "शाळेवरून" जायचो, तर शाळेच्या जागी एक म्हैस रवंथ करत बसलेली. अशा गावात कुणी स्वप्नांचे नकाशे काढले, तर त्याला वेडा कोण म्हणणार?

मी म्हणत होते. एकोणीस वर्षांची, नागपूरची, वर मॅट्रिक पास. जगातलं सगळं मला समजून चुकलं होतं आणि थोडं उरलंही होतं.

गोमाजींची पद्धत मात्र पक्की. स्वप्न चहाआधी सांगायचं. "चहा पोटात गेला का खुंट्या हालते." कुठून निघालात, किती पावलं चाललात, कोणत्या हाताला वळलात, एवढंच ते विचारत. कुणी घाबरून वाघाचं सांगू लागलं, तर म्हणत, "वाघ राहू द्या जी, वाघ काई एका जागी बसत नाही. दार कुटं होतं ते सांगा." मग रद्द झालेल्या निळ्या नकाशाच्या पाठीवर आखणी. आणि रविवारी सकाळी क्वार्टरांमागच्या मैदानात चुन्याची फक्की टाकून अख्खं स्वप्न खऱ्या मापाने जमिनीवर. ज्याचं स्वप्न, त्याने त्यात अनवाणी फिरून यायचं.

एका हेडक्लार्कला साहेबाच्या खुर्चीचं स्वप्न पडलं. चुना पडल्यावर कळलं, खुर्चीच्या खोलीला दारच नाही. बिचारा रेघेबाहेर अर्धा तास उभा! आमचे हे पोट धरून हसले, तर गोमाजी म्हणाले, "कावून हासून राहिले? साहेबाइनं सपन पाह्यलं का त्याले प्लान म्हनते. आमी पाह्यलं का येडे."

मला या माणसाची जिरवायची होती. एका सकाळी मी बसल्या बसल्या स्वप्न रचलं. महाल, सात दालनं, मधोमध कारंजं. पावलंसुद्धा मोजून सांगितली, मॅट्रिकला भूमिती होती ना! रविवारी साऱ्या बायका जमल्या. गोमाजींनी घाम गाळत सातही दालनं आखली. शेवटची खुंटी पहिल्या खुंटीवर बरोबर येऊन टेकली. मी राणीसारखी पुढे झाले.

गोमाजी खाकरले. "वहिनी, हे सपन नोहे."

"म्हणजे?"

"जमीन मोजली का फिरून पहिल्या खुंटीवर येते. सपन येत नाही. दोन-चार फूट चुकतेच. तुमचं बोटभर बी चुकलं नाही. हे तुमी बनवलं."

बायका पदराआडून नाही, चांगल्या तोंड उघडून हसल्या. माझा महाल तिथेच कोसळला. अंगाची आग झाली आणि मी फटकन बोलले, "लोकांची स्वप्नं मोजता, स्वतःचं कधी आखलं नाहीत ते?"

गोमाजी साखळी गोळा करू लागले. कडी कडीवर ठेवत, अगदी हळू.

"मले पडतच नाही, वहिनी. पारबती गेली तवापासून एक बी नाही."

पारबती त्यांची बायको. गोमाजी इकडे खुंट्या ठोकत होते आणि ती तिकडे गावी तापाने गेली. निरोप पोचला, ते पोचले, तोवर घरात चूलही थंड झाली होती. "एक डाव सपनात आली पाहिजे," ते म्हणाले. "रस्ता मी काहाडतो ना. माह्या नाही तर नाही, कोनाच्या बी सपनात येऊ दे. म्हून इचारत फिरतो."

त्या दिवशी माझ्या मॅट्रिकचा मला काही उपयोग झाला नाही.

पुढचे आठ दिवस मी शहाण्यासारखी वागले, म्हणजे खोटं कसं बोलायचं याचा अभ्यास केला. त्यांच्याच बोलण्यातून पारबतीबाईंचं हिरवं लुगडं उचललं, त्यांच्या गावच्या घराच्या अंगणातली विहीर उचलली. मग एका सकाळी चहाआधी मीच त्यांच्या दाराशी गेले.

"भाऊजी, एक बाई आली होती स्वप्नात. हिरवं लुगडं. विहिरीवरून घागर घेऊन स्वयंपाकघरात गेली. तिच्यामागून जाताना बारा पावलं, तिथून मी परत निघाले तर..." इथे मी मुद्दाम अडखळले, "...अकराच भरली."

त्यांनी उत्तर विचारली नाही. पेन्सिल कानावरच राहिली.

रविवारी मैदानात आम्ही दोघंच. विहीर झाली, अंगण झालं, स्वयंपाकघर झालं. शेवटची खुंटी ठोकून त्यांनी साखळी ताणली, वाकून पाहिलं, पुन्हा पाहिलं.

"दोन फूट चुकलं, वहिनी."

"मग?"

त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. पकडली गेले असं मला वाटलं. पण त्यांनी चपला काढल्या, विहिरीपासून मोजून बारा पावलं चालले, आणि चुन्याच्या रेघेवरून स्वयंपाकघरात शिरताना मान खाली घालून चांगले वाकले.

दार ठेंगणं होतं, हे मी सांगितलंच नव्हतं.