डोन्ट माइंड, पण…

खरं बोलावं आणि मारही खाऊ नये, या दोन्ही इच्छा माणसाला एकाच वेळी होतात. शतकानुशतकं यांतली एकच पुरी होत असे. ही अडचण इंग्रजीने दूर केली.

आमच्या आत्याने (निवृत्त ग्रंथपाल, सारी नोकरी इतरांना 'शांतता राखा' सांगण्यात गेल्याने बोलण्याचा प्रचंड अनुशेष शिल्लक) इंग्रजी संभाषणाचा वर्ग लावला आणि तिसऱ्याच दिवशी सोडला. "हवं ते मिळालं," म्हणाली. मिळालं होतं ते 'डोन्ट माइंड'.

त्याची कार्यपद्धती अशी: बोलणाऱ्याने आधी 'डोन्ट माइंड हं, पण' म्हणावं आणि मग मनात येईल ते बोलावं. ऐकणाऱ्याचा रागावण्याचा अधिकार तत्क्षणी संपुष्टात येतो. तरीही तो रागावलाच, तर त्याला कोत्या मनाचा समजावं. (बोलणाऱ्याचं मन केवढं असावं, याबाबत नियम मौन पाळतात.) पहिल्या आठवड्यात या सोयीचा लाभ शिंपी, समोरच्या डॉक्टरीणबाई आणि माझे वडील यांना मिळाला. शिंपी आत्या दिसली की दुकानाचं दार ओढून घेऊ लागला. वडिलांनी गाणं सोडलं. त्याबद्दल मात्र सारी गल्ली आत्याची ऋणी आहे.

अशात माझ्या बहिणीचं लग्न निघालं. मुलगा तिच्याच ऑफिसातला. दोघांचं कधीच ठरलं होतं. घरच्यांनी एकमेकांना पसंत करायचं तेवढं बाकी होतं. पाहुणे यायच्या आधी बहिणीने आत्याला स्वयंपाकघरात गाठलं.

"आत्या, आजचा दिवस नुसती हस गं. पाया पडते तुझ्या."

"मला काय कळत नाही का?" असं म्हणून आत्या बाहेर आली आणि मुलाच्या आईला म्हणाली, "डोन्ट माइंड हं, पण फोटोत तुम्ही बऱ्याच बारीक दिसता."

मुलाची आई निवृत्त मुख्याध्यापिका. ती गोड हसली. "छे हो, माइंड कसलं! डोन्ट माइंड, पण हा सोफा पाहुण्यांनी लवकर उठावं म्हणून घेतलाय का?"

गाठ तोडीस तोड पडली होती. मग उभय पक्षांनी पडदे, बशांचे टवके, मुलाचे कान, मुलीचं शिक्षण आणि परस्परांची माहेरं या विषयांवर सविस्तर विचारविनिमय केला. आवाज एकीचाही चढला नाही. बहिणीच्या डोळ्यांत पाणी तरळलं.

"पळून जाऊ या?" मुलाने हळूच विचारलं.

"माझ्या चपला आत्याच्या खुर्चीखाली आहेत," ती म्हणाली.

मुलाचे वडील दातांचे डॉक्टर. दुसऱ्यांची तोंडं उघडायची सवय असल्याने त्यांनी स्वतःचं अजून उघडलं नव्हतं. त्यांनी कपाला ओठ लावले, कप खाली ठेवला आणि म्हणाले,

"चहा गार झालाय."

दोघींनी एकदम वळून त्यांच्याकडे पाहिलं. आधी काही नाही, नंतर काही नाही. नुसतं उघडंवाघडं वाक्य!

"असं तोंडावर?" आत्या म्हणाली.

"घरीसुद्धा हेच," मुलाच्या आईने कपाळाला हात लावला. "कुठे काय बोलावं, काही पोच नाही. इतकी वर्षं मीच सहन करतेय."

"बाई गं! कसे दिवस काढलेत हो तुम्ही?" आत्याने तिचा हात हातात घेतला. "उठा. आत चला, आपण दोघी ताजा टाकू."

दोघी आत गेल्या. थोड्याच वेळात तिकडून खिदळण्याचा आवाज आला. लग्नाची तारीख ओट्यापाशीच ठरली, आणि बहीण रडता रडता हसू लागली.

"मी काय चुकीचं बोललो?" दातांच्या डॉक्टरांनी माझ्या वडिलांना विचारलं.

"बरोबर बोललात," वडील म्हणाले. "तिथेच चुकलं."

ही हकिकत मी पुष्कळांना सांगितली. सगळे पोट धरधरून हसले, आणि अशी एक व्यक्ती आपल्याही ओळखीची असल्याचं प्रत्येकाने कळवलं. स्वतःचं नाव कुणीच घेतलं नाही. तुमचं मात्र दोघांनी घेतलं. मनाला लावून घेऊ नका.